वळायची जागा

व्यायामाच्या बाईंना संगीताची आवड नाही. हे त्या स्वतःच सांगतात, कुणी विचारायच्या आधी. घरी रेडिओ लागत नाही. कुठल्या कार्यक्रमात लाउडस्पीकरजवळची खुर्ची वाट्याला आली तर त्या उठून दुसरीकडे बसतात. त्यांच्या नवऱ्याला अंघोळ करताना गुणगुणायची सवय होती, ती लग्नानंतरच्या पहिल्याच वर्षी सुटली. तरीही रुग्णालयाच्या तळघरातल्या त्यांच्या हॉलमध्ये सकाळभर बँड वाजत असतो. बाईंच्या लेखी ते संगीत नव्हे, सामान आहे. भिंतीला लावलेली शिडी जशी, रबरी पट्ट्या जशा, तसा बँड.

हॉल लांबट आहे. एका बाजूला एक्स-रेची खोली, दुसऱ्या बाजूला धुलाईघर, डोक्यावर गरम पाण्याचे पाइप. भिंती इतक्या जाड की फोनला रेंज म्हणून येत नाही. जमिनीवर पिवळ्या चिकटपट्टीची एक रेषा दाराशी, एक पार टोकाला. या दोन रेषांमध्ये बाईंची सगळी नोकरी झाली.

त्यांच्याकडे येणारे बहुतेक लोक कंपवाताचे. या आजारात हात थरथरतात हे सगळ्यांना माहीत असतं. पाय चिकटतात हे घरच्यांनाच कळतं. माणूस चालता चालता थांबतो, जणू चपलेला खिळा ठोकलाय. डोकं सांगतं चल, पाय ढिम्म. अशा माणसाला ठेका दिला की पाय डोक्याला न विचारता निघतात. म्हणून बँड. कुठल्याशा पोलाद कारखान्यातल्या कामगारांनी वाजवलेल्या धुनांची एक सीडी बाईंनी बंद पडत चाललेल्या दुकानातून उचलली होती. त्यातली तिसरी धून हॉलच्या एका फेरीला बरोबर पुरायची. दाराच्या रेषेवर सुरू करायची, टोकाला जाऊन वळायचं, परत दाराशी आलं की संपायची. बाईंनी बाकीच्या धुना कधी ऐकल्याच नाहीत. गरज पडली नाही.

रुग्ण त्यांना मागून हवालदारीण म्हणतात. बाईंना ते ठाऊक आहे. त्यांची तक्रार नाही. हवालदारासमोर लोक निदान सरळ उभे राहतात.

त्या शुक्रवारी सीडी प्लेयर बंद पडला. थोडा गरम झाला, जळका वास आला आणि झाकणाखाली फिरायचं थांबलं. दुरुस्तीवाल्याने तो उघडून पाहिला, बंद केला आणि बाईंच्या हातात दोन्ही हातांनी परत दिला.

"मोटर गेली. पार्ट येत नाहीत आता."

"कुठेच?"

"बाई, हल्ली हे कोणी आणतच नाही माझ्याकडे. तुम्ही आणलात, बरं वाटलं."

एरवी बाईंनी आठवडाभर टाळ्या वाजवून वेळ मारून नेली असती. पण येत्या गुरुवारी बसवाल्या काकांची तपासणी होती.

बसवाले काका म्हणजे आयुष्यभर शहरातली बस चालवलेला माणूस. बायको जाऊन काही वर्षं झालेली, स्वतःच्या दोन खोल्यांत एकटे राहणारे. मुलगा दुसऱ्या शहरात. मागच्या महिन्यात तो अचानक आला, स्वतःजवळच्या किल्लीने दार उघडून आत गेला, तर वडील स्वयंपाकघरात फ्रिजकडे तोंड करून उभे.

"काय करताय, बाबा?"

"वळतोय," काका म्हणाले.

ते कधीपासून वळत होते हे त्यांनी सांगितलं नाही, पण गॅसवरचं दूध आटून भांडं काळं पडलं होतं. त्याआधी दोनदा वळतानाच पडले होते. सरळ चालणं त्यांना जमायचं, घात वळण्यात व्हायचा. मुलाने आपल्या घरी, सहाव्या मजल्यावर, त्यांच्यासाठी खोली रिकामी केली. काकांना जायचं नव्हतं. शेवटी डॉक्टरांसमोर ठरलं: गुरुवारी काकांनी हॉलच्या टोकापर्यंत जायचं, कशालाही न धरता वळायचं आणि परत यायचं. जमलं तर काका आपल्या घरी राहतील. नाही जमलं तर मुलाबरोबर त्याच संध्याकाळी निघतील. मुलाने दोघांची तिकिटं काढून ठेवली होती, आणि यातलं एक रद्द करावं लागलं तर मला वाईट वाटणार नाही, असं तो बाईंना बाजूला घेऊन म्हणाला होता. तो खोटं बोलत नव्हता. दमला होता.

बाईंच्या हॉलमध्ये काका टोकाच्या रेषेवर कधी अडत नसत. म्हणून बाई निश्चिंत होत्या, प्लेयर जळेपर्यंत.

रुग्णालयाने एक टॅब दिला. वापरलेला, पाठीवर कुठल्याशा विभागाचं लेबल खरवडलेलं. टॅब दिला, गाणी दिली नाहीत. बाईंनी लेकीला फोन केला.

"आई, ॲप टाक ना. सगळी गाणी असतात त्यात."

"मला एकच हवंय."

"एकही असेल."

ते होतं. बाई वर पोर्चमध्ये गेल्या, रेंजमध्ये धून लावून पाहिली, टॅब घेऊन खाली आल्या. खाली आल्यावर ॲप म्हणालं, नेट नाही. मग रुग्णालयाच्या वायफायची तार धुलाईघरापर्यंत आलेली आहे असं कळलं, तेव्हा तिकडचं दार उघडं ठेवून सोमवारी सगळ्यांना रेषेवर उभं केलं. बँड सुरू झाला. मंडळी निघाली. अर्ध्या वाटेत बँड थांबला आणि एक बाई अत्यंत आनंदाने घरकर्जाबद्दल बोलू लागली.

"हिला कोणी बोलावलं?" चष्मेवाल्या आजींनी विचारलं. आजी या हॉलमधल्या सगळ्यात जुन्या. त्यांना बोलायला ठेका लागत नसे.

"जाहिरात आहे. चालत राहा."

"कर्जावर चालवताय होय आम्हाला?"

जाहिरात नको असेल तर दरमहा वर्गणी. वर्गणी भरली की धून टॅबमध्ये उतरवून घेता येते, नेट लागत नाही. लेकीने हे सांगितलं तेव्हा बाईंना बरं वाटलं. पुढचं वाक्य येईपर्यंतच.

"फक्त मधूनमधून नेटवर आणायचा टॅब. वर्गणी चालू आहे का ते बघतं ते. बंद केली की गाणं जातं."

"जातं म्हणजे? उतरवलेलं?"

"तुझं नसतंच ना ते, आई. तू ऐकायचे पैसे देतेस."

"सीडी माझी आहे. पावतीसकट."

"आता सीडी कोण ऐकतं?"

"कंपवाताचे लोक," बाई म्हणाल्या आणि फोन ठेवला.

मग कामाला लागले ते बाईंचे यजमान. हे गृहस्थ पाणीपुरवठ्याच्या पंपघरातून निवृत्त झालेले. जी वस्तू चालू आहे ती फेकायची नाही आणि जी बंद आहे ती चालू होईल, या दोन तत्त्वांवर त्यांनी घराची एक अख्खी खोली भरली होती. त्या खोलीत सीडीच्या ट्रेचा जुना कंप्युटर होता. बाई गेली कित्येक वर्षं तो भंगारात द्या म्हणत होत्या. यजमानांनी त्यावरची चादर काढताना ही गोष्ट तोंडातून काढली नाही, पण चादर फार सावकाश काढली.

काम मात्र सोपं निघालं. सीडी आत सरकवली. कंप्युटरने तिच्यावरच्या धुना ओळीने दाखवल्या. तिसरीवर खूण केली, फाइल करून घे म्हटलं, घुर्र घुर्र करत त्याने ती करून घेतली. मग टॅब केबलने जोडला. पडद्यावर टॅबचं फोल्डर उघडलं, त्यात फाइल नेऊन टाकली. टॅबमध्ये नुसतं गाणी वाजवणारं एक साधं ॲप होतंच. त्याने ती उचलली. नेट नाही, जाहिरात नाही, वर्गणी नाही. केबल काढली तरी धून टॅबमध्येच.

"झालं?" बाईंनी विचारलं.

"झालं. मध्ये एकदा विचारलं त्याने, सीडीवर ओरखडे आहेत, दुरुस्त करू का. हो म्हटलं."

"बरं केलंत."

"नाही कशाला म्हणायचं?"

मंगळवारी बाईंनी टॅब खिडकीच्या कठड्यावर ठेवला आणि धून लावली. बँड असा खणखणीत वाजला की धुलाईघरातली माणसं दारात येऊन उभी राहिली. मंडळी निघाली, टोकाच्या रेषेवर पोचली, आणि वळलीच नाहीत. आजी रेषा ओलांडून भिंतीपाशी गेल्या. त्यांच्या मागचे गृहस्थ आजींच्या पाठीवर आदळले. बसवाले काका रेषेवर बरोबर पोचले आणि तिथेच राहिले. दोन्ही पाय जोडलेले, टाचा किंचित उचललेल्या, अंग पुढे. बाईंनी धावत जाऊन त्यांचा कमरेचा पट्टा धरला.

"काय झालं?"

"स्टॉप आला नाही," काका म्हणाले.

"कसला स्टॉप?"

काकांनाही नीट सांगता येईना. सांगितलं आजींनी, भिंतीकडे तोंड करूनच.

"ते टक कुठंय तुमचं? गाणं अडखळायचं ना इथं. टक करून परत तोच सूर यायचा. तेव्हा वळायचं असतं."

सीडीवर एक ओरखडा होता. प्लेयर त्या जागी अडखळायचा: टक, तोच सूर पुन्हा, मग पुढे. बाईंना तो ऐकूही येत नसे; सामानाचा आवाज कोण ऐकतं? पण वर्षानुवर्षं तो अडखळा नेमका टोकाच्या रेषेपाशी पडत होता, आणि नवा माणूस जुन्यांचं पाहून त्यावर वळायला शिकत होता. ज्याला पोचायला उशीर व्हायचा तोही टक ऐकली की रेषेच्या अलीकडेच वळायचा. बाई समजत होत्या, आपण शिकवतो.

दुपारी त्यांनी घरी फोन लावला.

"अहो, ते दुरुस्त केलेलं बिघडवता येईल का?"

"पुन्हा सांग," यजमान म्हणाले.

यजमानांनी 'दुरुस्त करू का' ला 'नाही' म्हणून पाहिलं. तेव्हा त्या जागी खरखर आली, टक आली नाही. कंप्युटर अडखळतच नव्हता. तो सीडी सावकाश, पुन्हा पुन्हा वाचून घ्यायचा. एखाद्या वस्तूने जास्त चांगलं काम केल्याबद्दल यजमान आयुष्यात प्रथमच तिच्यावर चिडले.

"तू नुसतं 'वळा' म्हण की त्या जागी," ते म्हणाले.

"म्हटलं. तीन वेळा. काका जास्तच अडकले."

खरं होतं ते. मंगळवारीच बाईंनी काकांना पुन्हा चालवलं होतं आणि टोकाशी मोठ्याने 'वळा' म्हटलं होतं. काका जागच्या जागी थिजले.

"बाई, रागावू नका," घाम पुसत ते म्हणाले. "तुम्ही सांगितलं की मी ऐकायला लागतो. ऐकायला लागलो की पाय थांबतात. बसमध्येही तसंच होतं माझं. कंडक्टरने घंटा दिली की पाय आपसूक. कोणी प्रवासी पुढे येऊन म्हणाला, ड्रायव्हरसाहेब थांबवा, की मी त्याच्याकडे बघायचो."

आता अडखळणारा सीडी प्लेयर हवा होता. तो सापडला यजमानांच्या गाडीत. गाडी जुनी, डॅशबोर्डात सीडीची फट. बुधवारी दुपारी जेवणाच्या सुट्टीत दोघं रुग्णालयाच्या पार्किंगमध्ये गाडीत बसले. बाहेर ॲम्ब्युलन्स, सायकली, डबे उघडून बसलेले नातेवाईक. काचा वर, पंखा बंद, इंजिन बंद. टॅब बाईंच्या मांडीवर, त्यावर आवाज रेकॉर्ड करायचं लाल बटण.

"बोलायचं नाही," बाई म्हणाल्या.

"मी कधी बोलतो?"

"आत्ता बोललात."

बँड सुरू झाला. गाडी आतून भट्टीसारखी तापलेली. यजमानांच्या कपाळावरून घाम कानामागे उतरला, पण पंपघरात काढलेलं आयुष्य कामी आलं; ते हलले नाहीत. बाई श्वास धरून स्पीकरकडे बघत होत्या. ओरखड्याची जागा जवळ येत होती. तेवढ्यात यजमानांचा संयम संपला आणि हात आपोआप काचेच्या हँडलकडे गेला. पार्किंगमधला गलका आत आला. सीडी अडखळली, टक, आणि त्याच क्षणी बाई ज्या आवाजात हॉल चालवतात त्या आवाजात म्हणाल्या,

"अहो, काच वर घ्या!"

यजमानांनी काच वर घेतली. बँड पुढे गेला आणि धून संपली.

"पुन्हा लावा," बाई म्हणाल्या.

यजमानांनी पुन्हा लावायला बटण दाबलं. आत काहीतरी कुरकुरलं. सीडी पुढे येईना, मागे जाईना, वाजेना. यजमानांनी कार्ड घालून पाहिलं, चिमटा घालून पाहिला, डॅशबोर्डवर तळहाताने दोन थापा मारल्या. फटीत सीडीची चंदेरी कड तेवढी दिसत राहिली.

"डॅशबोर्ड उघडावा लागेल. आठवडा जाईल."

"उद्या गुरुवार आहे."

"मग आहे ते आहे," यजमान म्हणाले.

संध्याकाळी त्यांनी कंप्युटरवर तो तुकडा कापून पाहिला. बाईंचा आवाज काढला की टकही जात होती. दोन्ही एकमेकांवर बसले होते. बाईंनी ते रेकॉर्डिंग फक्त एकदा ऐकलं.

"मी अशी बोलते?"

यजमानांनी केबल गुंडाळली. केबल गुंडाळायला त्यांना बराच वेळ लागला.

गुरुवारी डॉक्टर वेळेवर आले, म्हणजे बाईंना एकदाही आधी चालवून बघायला मिळालं नाही. मुलगा दाराशी बॅग घेऊन उभा. आजी आणि बाकीची मंडळी भिंतीलगतच्या बाकावर. काकांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता आणि वरचं बटण लावलं होतं.

"सुरुवात करू या?" डॉक्टर म्हणाले.

"रेकॉर्डिंगमध्ये थोडा बाहेरचा आवाज आहे," बाई म्हणाल्या.

"असू दे."

बँड सुरू झाला. गाडीत बसून घेतलेला, थोडा डब्यातून आल्यासारखा. काका निघाले. पाऊल लहान पण पडत होतं. अर्धी वाट झाली. टोकाची रेषा आली आणि काकांची टाच उचललेली राहिली. मुलाने बॅग खाली ठेवली. बाईंनी पट्टा धरायला पाऊल टाकलं आणि मागे घेतलं. धरलं की नापास.

"अहो, काच वर घ्या!" टॅब ओरडला.

काका वळले. डावा पाय, उजवा पाय, छोटी छोटी चार पावलं, आणि तोंड दाराकडे. ते परत आले, दाराच्या रेषेवर थांबले आणि हात पाठीमागे बांधून उभे राहिले.

डॉक्टरांनी कागदावर काहीतरी लिहिलं. मग मान वर केली.

"ते काय होतं?"

"रेकॉर्डिंगमधलं आहे."

"कसली काच?"

"गाडीची."

डॉक्टरांनी तेही लिहिलं की नाही, बाईंना दिसलं नाही. "वळण्यात अडचण नाही," ते म्हणाले. "घरी राहू शकतात. दोन महिन्यांनी पुन्हा दाखवा."

बाकावरून आजी म्हणाल्या, "आमची पण हीच लावा यापुढं. ऐकू तरी येतं."

बाईंना मात्र एक गोष्ट खटकत होती. डॉक्टर गेल्यावर त्यांनी काकांना विचारलं, "मंगळवारी मी 'वळा' म्हटलं तेव्हा थिजलात. आज तर मी केवढ्याने ओरडले."

"मला कुठे ओरडलात?" काका म्हणाले. "तुमच्या साहेबांना ओरडलात. मला म्हटलं, त्यांचं चाललंय ते चालू दे, आपण वळून घेऊ."

मुलगा पुढे आला. त्याचा चेहरा आनंदी म्हणावा असा नव्हता, दुःखी म्हणावा असाही नव्हता. तो वर रेंजमध्ये जाऊन फोनवर एक तिकीट रद्द करून आला. मग म्हणाला, "बाई, इथे जमलं. पण घरी फ्रिजसमोर उभे राहिले तर?"

बाईंनी काकांचा फोन मागितला. साधा फोन, पडद्याला कोपऱ्यात तडा. त्यांनी टॅब आणि फोन केबलने जोडले, फोल्डर उघडलं, फाइल एकीकडून उचलून दुसरीकडे टाकली. एक हिरवी रेघ पडद्यावर डावीकडून उजवीकडे सरकली. बाईंनी ती शेवटपर्यंत पाहिली, मग केबल काढली, विमानाच्या चित्राचं बटण दाबून फोनचं नेट, वायफाय सगळं बंद केलं आणि धून लावून दाखवली. वाजली.

"हे दर महिन्याला भरावं लागतं का?" काकांनी विचारलं. "माझ्या सुनेचं जातं दर महिन्याला."

"नाही."

"आणि नेट गेलं तर?"

"फोनमध्येच आहे ते. फोन हरवू नका एवढंच. आणि मुलाच्या फोनमध्येही एक टाकून ठेवते, तुमचा हरवला तर."

मुलाने फोन पुढे केला. बाईंनी त्यातही टाकली. मुलगा म्हणाला, "नाव काय देऊ याला?" बाईंनी विचार केला. धुनेचं नाव त्यांना कधीच माहीत नव्हतं. सीडीच्या पाठीवर छापलेलं असणार, पण सीडी डॅशबोर्डात होती. "तिसरी," त्या म्हणाल्या.

काकांनी फोन शर्टाच्या खिशात घातला, पडदा बाहेरच्या बाजूला. दाराशी येऊन त्यांनी बोटाने खिशातल्या खिशात बटण दाबलं आणि बँडबरोबर उंबरठा ओलांडला. मुलगा बॅग घेऊन मागे. कॉरिडॉर सरळ होता, काका झपझप निघाले, मुलालाच पावलं उचलावी लागली. एक्स-रेच्या खोलीपुढे लिफ्ट होती, उजव्या हाताला. दार उघडं होतं, आतला माणूस बटण दाबून वाट बघत होता.

काका लिफ्टसमोर थांबले. पाय जागच्या जागी उचलत, ठेवत.

"बाबा, वळा ना. लिफ्ट जाईल."

"थांब," काका म्हणाले. "अजून यायचंय."

लिफ्टवाल्याने काही वेळ बटण धरून ठेवलं, मग सोडलं. दार बंद झालं. मुलाने बॅग खाली ठेवली आणि तोही, नकळत, बँडवर पाय हलवत उभा राहिला.